करवीर प्रांतांतील पाषाणाची झीज व तिचें निवारण

करवीर प्रांतांतील देवळें, किल्ले व शिलालेख यांच्या कालनिर्णयाविषयीं आजवर पुष्कळ लिहिलें गेलें आहे. परंतु हा सर्व पुरावा ज्या दगडावर कोरलेला आहे तो दगड स्वतः कोणत्या स्थितींत आहे, तो कोठें व कशानें झिजतो, आणि ती झीज ओळखतां न आल्यामुळें इतिहासाचे निष्कर्ष कसे फिरतात, याची चिकित्सा क्वचितच झालेली आढळते. पोथीच्या कडेला कसर लागलेली दिसतांच संग्राहकाची झोंप उडते. शिळेला लागलेली कसर त्यास दिसत नाहीं. कारण कागद नाशवंत आणि पाषाण अक्षय, ही समजूत आपल्या हाडींमासीं खिळलेली आहे. वास्तविक चांगला जुन्नरी कागद कोरड्या दप्तरांत राहिला, तर उघड्यावरील कित्येक शिलालेखांहून अधिक सुखरूप राहतो.

प्रस्तुत लेखांत आम्हांस जें प्रतिपादन करावयाचें आहे तें इतकेंच कीं, या प्रांतांत पाषाणाला पडत्या पावसापेक्षां कोंडलेल्या पाण्याचें भय अधिक आहे, आणि हें पाणी कोंडण्याचें काम पुष्कळदां जीर्णोद्धार करणाऱ्या श्रद्धाळू हातांनींच झालेलें आहे.

प्रथम दगडाचा विचार करूं. सह्याद्रीच्या धारेपासून शिरोळपर्यंतच्या या टापूचा पाया सुमारें ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं वाहिलेल्या ज्वालामुखीच्या रसाच्या थरांचा आहे. त्यांतील काळवत्री पाषाण घट्ट खरा, पण एकजात नव्हे. कांहीं थरांत रस निवतांना वायूचे बुडबुडे अडकून राहिले व त्या पोकळ्यांत पुढें पांढरे स्फटिक भरले. असा दगड पाथरवटाच्या छिनीला सोपा जातो, परंतु ते स्फटिक निसटले म्हणजे पृष्ठभाग देवीच्या व्रणांसारखा खड्ड्याखड्ड्यांचा होतो. पावसाचें पाणी हवेंतील कर्बवायु शोषून किंचित् आम्ल झालेलें असतें. तें दगडांत मुरलें कीं त्यांतील खनिजांचा अंश हळूहळू चिकणमातीच्या रूपास येतो व लोहाचा अंश गंजतो. काळ्या शिळेवर जी तांबूस-पिंगट साल दिसते ती याच गंजाची. ही माती भिजली म्हणजे फुगते, वाळली म्हणजे आकसते. अशा शेंकडो आवर्तनांनंतर साल सुटते आणि कांद्याच्या पापुद्र्याप्रमाणें गळून पडते. दिवसाच्या उन्हानें तापणें व रात्रीं निवणें या क्रियेचीहि तींत भर पडते.

आतां पावसाचें मान पाहिलें तर गगनबावड्यास वर्षाकांठीं ५,००० मिलिमीटरहून अधिक, कोल्हापूर शहरीं सुमारें १,०००, आणि शिरोळाकडे त्याच्याहि जवळजवळ निम्मा पाऊस पडतो. केवळ पडता पाऊसच कारण असता, तर पूर्वेकडील शिल्पें निर्धास्त असावयास हवीं होतीं. तशीं तीं नाहींत. तेथें पाणी आभाळांतून न येतां नदींतून येतें, हें पुढें दाखवूं.

त्यापूर्वीं पन्हाळ्याविषयीं थोडेंसें. गडाचा माथा जांभ्या दगडाचा व त्याखालचा डोंगर काळ्या पाषाणाचा आहे. जांभा खाणींतून काढतांना मऊ असतो व वाऱ्यावर ठेविला म्हणजे कठीण होतो, हें कोंकणांतील प्रत्येक गवंड्यास ठाऊक आहे. परंतु तो छिद्रमय असल्यामुळें पावसाचें पाणी चाळणींतून जावें तसें त्यांतून खालीं उतरतें, आणि जांभा व पाषाण यांच्या सांध्यांत जी चिकण माती असते तिच्यावर येऊन थबकतें. माती निसरडी झाली म्हणजे वरचा कडा स्वतःच्या भारानें सरकतो व कांठावरील तट बरोबर घेऊन जातो. २०२१ च्या जुलैंतील अतिवृष्टींत गडावर जाणारा मुख्य रस्ता खचला, तें वाचकांच्या स्मरणांत असेलच. उलटपक्षीं, चार दरवाजा १८४४ सालच्या गडकऱ्यांच्या बंडानंतर इंग्रजांनीं बुद्ध्या पाडला. एकाच गडावरील या दोन प्रकारच्या पडझडींचा उगम निरनिराळ्या ठिकाणीं शोधावा लागतो. एकीचा दप्तरांत व दुसरीचा उतारावर. तट तुटलेला पाहतांच समोर तोफेचा मोर्चा कल्पिणारे लेखक आपल्याकडे थोडे नाहींत. त्यांनीं एवढें तरी पाहावें कीं, पाडलेल्या तटाचा पाया बहुधा जागच्या जागीं असतो व दगड मात्र नाहींसे झालेले असतात. घसरलेल्या तटाचा पायाच गेलेला असतो व दगड खालच्या झाडींत सांपडतात. २०२५ च्या जुलैंत पन्हाळा इतर ११ किल्ल्यांसह युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादींत समाविष्ट झाला. या मानानें त्याच्या रक्षणास द्रव्यसाहाय्य मिळेल अशी आशा आहे. परंतु तें द्रव्य नव्या कमानी उठविण्यांत न जातां गडावरील पाण्याच्या जुन्या मोऱ्या मोकळ्या करण्यांत प्रथम जावें, असें आमचें स्पष्ट मत आहे.

खरी अभ्यासाची जागा म्हणजे शिरोळ तालुक्यांतील खिद्रापूर. कृष्णेच्या कांठीं उभें असलेलें तेथील कोपेश्वराचें देऊळ शिलाहारांच्या अमदानींत, इसवीच्या बाराव्या शतकांत आकारास आलें. दक्षिण दाराजवळ यादव राजा सिंघण याचा शके ११३६ चा संस्कृत लेख आहे. ४८ खांबांचा स्वर्गमंडप, त्याच्या माथ्यावरील सुमारें १३ फूट व्यासाचें वर्तुळाकार उघडें आभाळ, त्याखालीं तितक्याच व्यासाची अखंड रंगशिळा, आणि भिंतींच्या तळाशीं ९२ हत्तींचें गजपीठ, हें सर्व वाचकांस परिचित आहे. त्याच्या सौंदर्यवर्णनांत येथें शिरत नाहीं. आमचा प्रश्न असा कीं, भोंवतालीं नदीची काळी माती पसरलेली असतांना बाहेरून आणून रचलेल्या या पाषाणराशीवर आठशें वर्षांत काय काय गुदरलें.

२००५, २०१९ व २०२१ या तिन्ही वर्षीं कृष्णेच्या महापुरानें हा भाग वेढला. पुराचें पाणी वेगानें येऊन दगड घासून नेतें, अशी सामान्य कल्पना असते. वस्तुतः सपाट मुलुखांत तें पाणी सावकाश चढतें, कित्येक दिवस ठाण मांडून बसतें आणि सावकाशच उतरतें. या मुक्कामांत खालचे थर आंतपर्यंत भिजतात. पाण्याबरोबर शेतांतील क्षारहि दगडाच्या सूक्ष्म रंध्रांत शिरतात. पुढें ऊन पडलें म्हणजे पाणी पृष्ठभागाकडे येऊन उडून जातें, क्षार मात्र पृष्ठाच्या लगत आंतल्या बाजूस स्फटिक होऊन राहतात. मिठाचा खडा फुगून दगड फोडील हें कोणास खरें वाटणार नाहीं. पण रंध्राच्या अरुंद जागेंत वाढणाऱ्या स्फटिकाचा दाब मोठा असतो, आणि तो दरवर्षीं नव्यानें पडतो. खालची काळी मातीहि भिजून फुगते व उन्हाळ्यांत भेगाळते, त्यामुळें पाया हलण्याचें भय वेगळेंच. पूर उतरल्यावर गाळ धुवून काढला कीं देऊळ वांचलें असें आपण समजतों; वस्तुतः त्या वर्षाची हानि पुढील मार्च-एप्रिलांत, दगड पूर्णपणें वाळूं लागल्यावर सुरू होते.

खिद्रापुरास जाणारा प्रत्येक प्रवासी भग्न सोंडा व भग्न मुखें पाहून ती मूर्तिभंजकांची करणी म्हणून मोकळा होतो. मोगलांच्या फौजेनें या देवळास उपद्रव दिल्याची कथा गांवीं रूढ आहे, व तेथील कित्येक घाव मनुष्याच्या हातचे आहेत याविषयीं आम्हांस शंका नाहीं. परंतु सर्वच हानि एका खातीं मांडणें हें संशोधन नव्हे. हाताच्या घावाची जागा धारदार कोनांची असते, तुटीचा पृष्ठ एका फटक्यांत निघालेला असतो, आणि घाव निवडून घातलेला असतो. नाक, मुख, हात, सोंड. जेथें अर्थ आहे तेथें हातोडा पडतो. पाण्याला मुखाची ओळख नसते. तें पातळी धरून चालतें. एका उंचीखालचें मुख, वस्त्र, वेलबुट्टी व कोरी भिंत सारखींच बोथट झालेलीं असलीं, कडा गोलावलेल्या असल्या, आणि बोट फिरवितां पूड हातास लागत असली, तर तें काम पुराचें समजावें. त्यांतहि घोटाळा असा कीं, हाताच्या घावानें उघडा पडलेला आंतला दगड पुढें पाणी अधिक लवकर पितो. मग त्याच्या धारा बोथटतात आणि दोन्ही कारणें एकमेकांत मिसळतात. अशा स्थळीं निर्णय न देतां दोन्ही शक्यता नोंदणें हेंच शहाणपणाचें. आणखी एक लक्षांत घ्यावें. स्वर्गमंडपाच्या रंगशिळेवर आठशें पावसाळे सरळ आभाळांतून कोसळले, तरी ती आजहि जाग्यावर आहे.

आतां खुद्द करवीर नगरींत येऊं. श्रीमहालक्ष्मीच्या, म्हणजे अंबाबाईच्या, देवळावर प्रश्नाचें स्वरूप बदलतें. येथें नदी नाहीं, येथें भक्ति आहे. तेल, दूध, दही, मध, कुंकू, धूर, घाम आणि हजारों हातांचा स्पर्श, यांचा परिणाम पुरापेक्षां कमी समजूं नये. अभिषेकाचें द्रव्य आम्ल असलें तर तें दगडाचा पृष्ठ खातें व स्निग्ध असलें तर रंध्रें बुजवितें. मूर्तीचा इतिहास या दृष्टीनें बोलका आहे. परचक्राच्या भयानें लपवून ठेविलेली मूर्ति १७१५ सालच्या विजयादशमीस पुन्हां स्थापन झाली. पुढें ती झिजत चालल्यामुळें १९५५ सालीं तिला वज्रलेप देण्यांत आला. तोहि टिकला नाहीं. पुन्हां २०१५ सालीं भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या तज्ज्ञांकडून रासायनिक संवर्धन झालें, आणि २०२४ च्या एप्रिलांत आणखी एकवार तें करावें लागलें. मूळ मूर्तीवरील अभिषेक बंद ठेवून तो उत्सवमूर्तीस करण्याचा मार्ग स्वीकारला गेला, हा या सर्व उपायांत आमच्या मतें अधिक मोलाचा. कारण तो दगडावर कांहीं चढवीत नाहीं, त्यावरचें ओझें उतरवितो.

'वज्रलेप' हा शब्द मोठा भारदस्त आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेंत त्या नांवाचा स्वतंत्र अध्याय असून कच्चीं कवठें, टेंभुरणीचीं फळें, सांवरीचीं फुलें इत्यादिकांच्या काढ्यापासून लेप करण्याचे पाठ तेथें दिले आहेत. आज त्याच नांवाखालीं जे पदार्थ वापरले जातात त्यांचा या पाठांशीं संबंध असतोच असें नाहीं. शब्द जुना असला म्हणजे द्रव्यहि जुनें, असा भ्रम मात्र होतो. कोणताहि घट्ट लेप आणि त्याखालचा दगड ऊन-गारव्यानें सारख्या मापानें फुगत नाहींत. आंतली ओल बाहेर येऊं शकत नाहीं, ती लेपाच्या मागें सांचते, आणि लेप सुटतांना दगडाची साल बरोबर घेऊन सुटतो.

हा अनुभव केवळ आपला नव्हे. अजिंठ्याच्या चित्रांवर इटालियन कारागिरांनीं १९२० ते १९२२ या काळांत लाखेचा लेप दिला. तो पुढें पिवळा पडून चित्रेंच झांकोळलीं, व तो काढण्यांत पुरातत्त्व खात्याचीं अनेक वर्षें गेलीं. मिसर देशांतील एक अश्मस्तंभ सुमारें ३,००० वर्षें नाईलच्या देशांत उभा-आडवा राहिला. तो १८८१ सालीं न्यूयॉर्क शहरीं नेऊन उभारतांच त्याचे पापुद्रे निघूं लागले, कारण जुन्या देशांत अंगीं मुरलेले क्षार नव्या देशाच्या दमट हवेंत जागे झाले. १८८५ सालीं त्यावर मेण चढविलें, आणि त्या कामांत सुटे झालेले शेंकडो पौंड पापुद्रे आधीं खरवडून काढावे लागले. अथेन्स येथील प्राचीन देवळाचे संगमरवरी चिरे विसाव्या शतकाच्या आरंभीं लोखंडी पट्ट्यांनीं जोडले. प्राचीन ग्रीकांनीं लोखंडावर शिसें ओतलें होतें, नव्यांनीं तें गाळलें. पट्ट्या गंजून फुगल्या व चिरे तडकले. म्हणजे विद्या, द्रव्य व सद्धेतु हीं तिन्ही असूनहि दगडाचें नुकसान होऊं शकतें.

आपल्याकडे या लेपांचीं भावंडें अनेक आहेत. तैलरंग, संगमरवरी फरशी, आणि सर्वांत घातक म्हणजे सिमेंट. चुना हा दगडापेक्षां मऊ व सच्छिद्र असतो. भिंतींतील ओल व क्षार सांध्याच्या वाटेनें बाहेर येतात, सांधा झिजतो आणि चिरा वांचतो. झिजलेला सांधा पुन्हां भरतां येतो, कोरीव चिरा पुन्हां मिळत नाहीं. घाण्यांत मळलेला, गूळ-हिरडा घातलेला चुना वापरणारे जुने गवंडी हें सूत्र पुस्तकांतून शिकले नव्हते. सिमेंटानें दर्जा भरल्या म्हणजे हाच न्याय उलटा होतो. सांधा अभेद्य राहतो, ओल चिऱ्यांतून वाट काढते, आणि सिमेंटांतील स्वतःचे क्षारहि त्यांत भर घालतात. तैलरंग काढण्यासाठीं यंत्रानें वाळूचा मारा करण्याची जी चाल कित्येक देवळांत पडली, तीहि निंद्यच. रंगाबरोबर छिनीच्या खुणा जातात, आणि छिनीच्या खुणा हा कालनिर्णयाचा एक पुरावा आहे.

आच्छादनाचा एक अनपेक्षित गुणहि सांगितला पाहिजे. अंबाबाईच्या देवळांतील संगमरवर अलीकडे काढतांना एक यादवकालीन शिलालेख पुन्हां दृष्टीस पडला. वणीच्या सप्तशृंगी देवीवरील शेंदुराचे जाड थर २०२२ सालीं उतरवितांच मूळ स्वरूप प्रकट झालें. तेव्हां प्रत्येक पुटाखालीं नाशच असतो असें नव्हे. मात्र तें पूट उतरवितांना नोंद ठेवणारा कोणी जवळ असला पाहिजे. त्याचप्रमाणें पाऊस केवळ नेतोच असेंहि नाहीं. करवीर तालुक्यांतील बीड गांवीं पावसानें जमीन धुपली म्हणजे सोन्याच्या बारीक मुद्रा सांपडल्याच्या गोष्टी आपण ऐकतों. तेथल्याच वीरगळांना मात्र तोच पाऊस पुसून टाकीत आहे.

शिलालेखांच्या वाचकांनीं विशेष सावध राहण्याचें कारण असें कीं, झीज ही अक्षरें नुसतीं पुसत नाहीं, तीं बदलतेहि. काळवत्री दगडांतील एका बुडबुड्याचा खड्डा अक्षराच्या डोक्यावर आला कीं अनुस्वार तयार होतो. 'प'च्या पोटांतून तिरपी चीर गेली कीं 'ष' दिसूं लागतो. शिरोरेषा उडाली कीं शब्द कोठें तुटतो तें कळेनासें होतें, आणि शकाच्या आंकड्याचें एखादें टोंक गेलें तर राजाच बदलतो. म्हणून आंकडा संशयित असेल तेथें संवत्सराचें नांव, तिथि व वार यांचा मेळ घातल्यावांचून शक छापूं नये. हळेकन्नड लिपींतील लेखांस हें अधिकच लागू आहे. त्या वाटोळ्या अक्षरांतील भेद बारीक वळणांत असतो, आणि झीज प्रथम वळणच गिळते.

या संकटांत आपला आधार म्हणजे पूर्वसूरींनीं घेतलेले ठसे. मेजर ग्रॅहम यांच्या १८५४ सालच्या कोल्हापूरविषयक अहवालांत येथील लेखांचे उतारे आहेत. कीलहॉर्न यांनीं 'एपिग्राफिया इंडिका'च्या तिसऱ्या खंडांत शिलाहार विजयादित्याचा शके १०६५ चा कोल्हापूरचा लेख, शके १०७३ चा बामणीचा लेख, व दुसऱ्या भोजाचा शके १११२ ते १११५ चा लेख प्रसिद्ध केले. १९७७ सालीं महामहोपाध्याय मिराशी यांनीं शिलाहारांचे लेख एका ग्रंथांत एकत्र आणिले. या वाचनांचें मोल केवळ वाङ्मयीन नाहीं. एकोणिसाव्या शतकांत जें अक्षर निःशंक वाचलें गेलें तें आज शिळेवर संशयित दिसत असेल, तर दरम्यानच्या काळांतील झिजेचें तें प्रत्यक्ष माप आहे. उलट, जुन्या प्रतींत जें नाहीं व आज जें 'दिसतें', त्याकडे प्रथम संशयानेंच पाहावें.

नवा ठसा घेणाऱ्यांस थोडी सूचना. शिळा मऊ कुंचल्यानें व साध्या पाण्यानें स्वच्छ करावी. तारेचा ब्रश, आम्ल, सोडा यांस हात लावूं नये. ओला कागद शिळेवर बसवून कुंचल्यानें अक्षरांत ठोकावा, तो अर्धवट वाळल्यावर शाईचा बोळा हलक्या हातानें फिरवावा. पृष्ठ पापुद्र्यांचा झाला असेल तर ठोकण्यानेंच तो सुटेल, म्हणून अशा शिळेचा ठसा घेऊंच नये. रात्रीं एका बाजूनें दिवा तिरपा धरून छायाचित्रें घ्यावीं, आणि दिव्याची बाजू बदलीत अनेक घ्यावीं. एका बाजूच्या प्रकाशांत जी चीर वेलांटीसारखी दिसते ती दुसऱ्या बाजूच्या प्रकाशांत उघडी पडते. अक्षरें उठून दिसावीं म्हणून त्यांत खडू, पीठ किंवा तेल भरण्याची संवय सोडून द्यावी. खडू भरणारा मनुष्य स्वतःस जें वाचावेसें वाटतें तेंच भरतो, आणि तेल तर दगडांतून कधींच पुरतें निघत नाहीं.

हस्तलिखितांच्या संग्राहकांकडे आमचें मागणें याच संदर्भांत आहे. देवस्थानांच्या जमाखर्चाचे, चुना-विटांच्या खरेदीचे, गवंडी-पाथरवटांच्या मजुरीचे मोडी कागद आपण बहुधा बाजूस टाकतों. त्यांत राजकारण नसतें व मोठें नांव नसतें. परंतु कोणत्या सालीं कोणत्या भिंतीस चुना लागला, शिखर कधीं गिलाव्यांत गेलें, कुंडाची मोरी कोणीं बुजविली, हें त्याच कागदांवरून कळेल, आणि झीज कोणत्या दुरुस्तीनंतर वाढली याचा उलगडा त्यावांचून होणार नाहीं. तसेंच कोणाच्या आजोबा-पणजोबांनीं हौसेनें घेतलेले शिलालेखांचे ठसे, हातानें उतरलेल्या नकला, किंवा देवळाच्या भिंतींचीं जुनीं छायाचित्रें घरांत असल्यास तीं फाटकीं, डागाळलेलीं अगर अपुरीं आहेत म्हणून टाकूं नयेत. त्यांवर शिळेचें स्थळ, दिशा व सुमारें कोणतें साल एवढें लिहून त्यांची प्रत मंडळाच्या दप्तरीं पाठवावी. कोपेश्वर, अंबाबाई, पन्हाळा व बीड येथील वीरगळ यांच्यासंबंधींचे कागद आम्हांस सर्वांआधीं हवे आहेत. पावसाळ्यापूर्वीं मिळाल्यास ते घेऊन शिळेशीं ताडून पाहतां येतील.